त्वेषाचा हिशेब : नागपूरकर भोसल्यांची फौज आणि खेळातला योद्धा

युद्धप्रसंगी योद्ध्याच्या अंगात संचारणारा त्वेष जितका उपयोगी तितकाच खर्चिक असतो, आणि तो केव्हा चढू द्यावा, किती वेळ टिकू द्यावा व कोणाच्या हुकमाने आवरावा, या प्रश्नांची उत्तरे प्रत्येक लढवय्या समाजाला शोधावी लागली आहेत. ही उत्तरे कधी धर्मशास्त्राच्या रूपाने, कधी राजाज्ञेच्या रूपाने, तर कधी पावसाळा आणि दसरा यांसारख्या ऋतुचक्राच्या बंधनांतून प्रकट झाली. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात मात्र त्यांना एक अगदी निराळे रूप मिळाले, ते म्हणजे टेबलाभोवती बसून फासे, कागद आणि कल्पनाशक्ती यांच्या आधारे खेळल्या जाणाऱ्या भूमिका-खेळांतील नियमांचे. या खेळांत प्रत्येक खेळाडू एका पात्राची भूमिका घेतो, एक सूत्रधार प्रसंग रचतो, आणि पात्राची प्रत्येक धाडसी कृती फाशाच्या दानावर व पात्राच्या आकड्यांत मांडलेल्या गुणांवर ठरते. त्यातील रानटी योद्ध्याच्या वर्गाला मिळालेली ‘रेज’ नावाची शक्ती, म्हणजे ठरावीक काळापुरता चढणारा उन्माद, आणि त्या शक्तीवर घातलेल्या मर्यादा, हा विषय वरवर पाहता करमणुकीचा वाटतो. परंतु त्या मर्यादा ज्या शंकांमधून जन्मल्या त्याच शंका मराठी सैन्याच्या, आणि विशेषतः नागपूरकर भोसल्यांच्या फौजेच्या इतिहासात रक्ताच्या किमतीने उभ्या राहिलेल्या दिसतात.

नागपूरच्या दक्षिणेस वर्धा मार्गालगत, खापरी, शिवणगाव, तेल्हारा, दहेगाव, कलकुही अशा गावांच्या शिवारांतून मिहान हा प्रकल्प उभा राहिला. मालवाहतुकीचे बहुविध केंद्र, विमानतळ आणि विशेष आर्थिक क्षेत्र यांची सांगड घालणाऱ्या या प्रकल्पासाठी २००२ मध्ये महाराष्ट्र विमानतळ विकास कंपनी स्थापन झाली, आणि आज तेथे माहिती तंत्रज्ञान कंपन्यांच्या इमारती, विमाने दुरुस्त करणारे कारखाने व अखिल भारतीय आयुर्विज्ञान संस्थेचे रुग्णालय आहे. २०१९ मध्ये मेट्रो मार्ग सुरू झाला तेव्हा त्याचे एक टोक मिहानच्या उंबऱ्यावर, खापरीला होते आणि दुसरे सीताबर्डीला, म्हणजे ज्या दोन टेकड्यांवर नोव्हेंबर १८१७ मध्ये नागपूरच्या राज्याचे भवितव्य ठरले त्यांच्या पायथ्याशी. संगणकाच्या पडद्यावर नियम आणि आकडे यांच्या साहाय्याने काम करणाऱ्या पिढीची वसाहत आणि त्वेषाच्या अमर्याद वापराने राज्य गमावलेल्या फौजेचे रणांगण एकाच मार्गावर असणे हा निव्वळ भूगोलाचा योग आहे; तथापि या दोन ठिकाणांना जोडणारा प्रश्न मात्र खराच आहे.

खेळाचा इतिहास आधी थोडक्यात पाहणे सोयीचे ठरेल. लष्करी अधिकाऱ्यांना नकाशावर युद्ध शिकवण्यासाठी प्रशियात १८२४ मध्ये राइसविट्झ नावाच्या अधिकाऱ्याने फाशांवर आधारलेला युद्धखेळ प्रसिद्ध केला, आणि युरोप-अमेरिकेत छंद म्हणून खेळल्या जाणाऱ्या युद्धखेळांची परंपरा त्यातून फुटली. त्याच परंपरेत १९७१ मध्ये ‘चेनमेल’ आणि १९७४ मध्ये गॅरी गायगॅक्स व डेव्ह अर्नेसन यांचा ‘डंजन्स अँड ड्रॅगन्स’ हा खेळ आला. या पहिल्या आवृत्तीत उन्मत्त योद्धा होता, पण तो खेळाडूच्या हाती नव्हता. तो शत्रूंच्या यादीत होता, सामान्य माणसांवर वार करताना त्याच्या दानात भर पडे, आणि मनोधैर्य खचले की नाही हे ठरवणारी फाशाची परीक्षा त्याला कधीच द्यावी लागत नसे. म्हणजे आरंभी त्वेषाला मर्यादाच नव्हती, कारण तो परक्याचा होता व त्याचा हिशेब कोणालाच ठेवायचा नव्हता. रानटी योद्धा हा खेळाडूने घ्यावयाचा वर्ग म्हणून १९८२ मध्ये नियतकालिकातून व १९८५ मध्ये ग्रंथातून आला, तरी त्यातही आजच्या अर्थाने मोजलेला उन्माद नव्हता. तो अवतरला २००० साली, तिसऱ्या आवृत्तीत, आणि त्याचबरोबर त्याची मर्यादाही अवतरली.

तिसऱ्या आवृत्तीतील नियम असा होता की, पहिल्या पातळीवरील योद्ध्याला दिवसातून एकदाच उन्माद चढवता येतो. त्या काळात त्याचे बळ व काटकपणा वाढतो, मनावरील ताबाही काहीसा दृढ होतो, पण बचाव मात्र ढिला पडतो. संयम वा एकाग्रता लागणारी कोणतीही कृती त्याला करता येत नाही. हा काळ सहा-सहा सेकंदांच्या काही मोजक्या फेऱ्यांपुरताच टिकतो, आणि तो संपला की योद्धा थकतो, बळ व चपळाई घटते, धावणे किंवा धावून हल्ला करणे अशक्य होते. २०१४ च्या पाचव्या आवृत्तीत ही घडण बदलली. आरंभी दीर्घ विश्रांतीपर्यंत दोनदा, पुढे पातळी वाढेल तसतसे सहा वेळांपर्यंत, आणि विसाव्या म्हणजे शेवटच्या पातळीवर अमर्याद वेळा उन्माद चढवण्याची मुभा मिळाली. तो एक मिनिट टिकतो, पण योद्ध्याने आपल्या पाळीत शत्रूवर वार केला नाही आणि त्याला जखमही झाली नाही, तर तो तत्काळ उतरतो. सर्वसाधारण थकव्याचा दंड येथे काढून टाकण्यात आला आणि तो केवळ एका उपवर्गाच्या बेभान वारांपुरता ठेवण्यात आला. २०२४ च्या सुधारित आवृत्तीने तोही दूर केला व छोट्या विश्रांतीनंतर एक उन्माद परत मिळण्याची सोय केली. खेळाच्या दृष्टीने हे बदल सुखाचे असतील, पण इतिहासाच्या कसोटीवर लावले तर २००० सालचा नियम अधिक सच्चा ठरतो, कारण त्वेषाची किंमत नंतर चुकवावी लागते ही गोष्ट त्याने नियमाच्या गाभ्यात ठेवली होती.

या किमतीचे ज्ञान खेळ रचणाऱ्यांना ज्या उत्तर युरोपीय कथांतून मिळाले त्या कथांत ते स्पष्टच आहे. तेराव्या शतकात स्नोरी स्टुर्लुसन याने ओडिन देवाचे जे उन्मत्त योद्धे वर्णिले ते चिलखताविना लढत आणि आपल्याच ढालींना चावत. आइसलँडच्या एगिलच्या कथेत असे सांगितले आहे की, असा आवेश असेपर्यंत त्या माणसांपुढे काही टिकत नसे, पण तो उतरल्यावर ते नेहमीपेक्षाही दुर्बळ होत. त्याहून अधिक विचार करायला लावणारी गोष्ट आइसलँडच्या ‘ग्राउगाउस’ या जुन्या कायदेसंग्रहात आहे. त्यानुसार जो उन्मादात शिरेल त्याला ठरावीक काळाची हद्दपारी होत असे, आणि त्या वेळी जे लोक हजर असतील त्यांनी त्याला आवरले नाही तर त्यांनाही तीच शिक्षा लागू होत असे. त्वेषाची जबाबदारी केवळ ज्याच्या अंगात तो आला त्याची नसून त्याच्या भोवती उभ्या असलेल्यांचीही आहे, हा विचार वर पाहिलेल्या खेळाच्या नियमांत आढळत नाही. मराठी सैन्याच्या इतिहासात मात्र तो पुन्हा पुन्हा आढळतो.

शिवाजी महाराजांच्या लष्करी व्यवस्थेची जी माहिती कृष्णाजी अनंत सभासदाच्या बखरीतून मिळते तिच्याकडे या दृष्टीने पाहिले, तर ती व्यवस्था म्हणजे त्वेषाची सीमा आखण्याचा एक विस्तृत प्रयत्न होता असे म्हणावे लागते. घोडदळात बारगीर आणि शिलेदार असे दोन प्रकार होते. बारगिराला घोडा व हत्यार सरकारकडून मिळे, तर शिलेदार स्वतःचा घोडा घेऊन चाकरीस येई. पंचवीस बारगिरांवर एक हवालदार, पाच हवालदारांवर जुमलेदार, दहा जुमल्यांवर हजारी, आणि सर्वांवर सरनौबत, अशी ही उतरंड होती, ज्यायोगे कोणताही स्वार आपल्यावर कोणाची नजर आहे हे जाणल्यावाचून रणांगणात नसे. पावसाळ्याचे चार महिने फौजेने छावणीत राहावयाचे, दसऱ्याला सीमोल्लंघन करून आठ महिने परमुलखात मुलूखगिरी करावयाची, मोहिमेत बायका, बटकी वा कलावंतिणी बरोबर न्यावयाच्या नाहीत, मिळालेली लूट परतल्यावर झाडा घेऊन सरकारात जमा करावयाची, या नियमांत संख्येची, काळाची आणि विश्रांतीची मर्यादा एकत्र गुंफलेली दिसते. दसऱ्याचा मुहूर्त हा मराठी समाजात आज सोने म्हणून आपट्याची पाने वाटण्याच्या निमित्ताने उरला आहे. परंतु त्याचा मूळ लष्करी अर्थ असा होता की, युद्धाला एक आरंभ असतो, आणि ज्याला आरंभ असतो त्याला शेवटही ठरवून दिलेला असतो.

शिवकाळात केवळ शत्रूवरील त्वेषालाच नव्हे, तर छावणीत बसलेल्या फौजेच्या सुस्तावलेल्या उद्दामपणालाही आवर घातला जात असे. चिपळूणजवळ हलवर्ण येथे तळ ठोकून असलेल्या लष्कराच्या जुमलेदारांना महाराजांनी पाठवलेले पत्र या संदर्भात प्रसिद्ध आहे; त्यात घोड्यांसाठी साठवलेला दाणा-वैरण पावसाळाभर पुरवून वापरण्याची, रयतेकडून काहीही जबरदस्तीने न घेण्याची, आणि दिव्याची वात उंदराने ओढून नेली तर गंजी पेटेल इतक्या बारीक धोक्याचीही ताकीद आहे. रणांगणापासून दूर, पावसाच्या सरीत, गवताच्या गंजीशेजारी बसलेला सैनिक हाही राज्याला धोका ठरू शकतो, हे ओळखणारा राज्यकर्ता त्वेषाला केवळ लढाईपुरता मानत नव्हता. ही जाण इतकी सूक्ष्म आहे की, तिच्यापुढे ‘दीर्घ विश्रांती घेतली की सगळे उन्माद परत मिळतात’ हा खेळातील नियम फारच उदार वाटतो. खऱ्या फौजेची विश्रांती हीसुद्धा राखावी लागते.

तरीही ही व्यवस्था एका ठिकाणी तुटली, आणि ती जेथे तुटली तो प्रसंग मराठी मनात पराभवापेक्षा पराक्रम म्हणून अधिक रुजला. सरनौबत प्रतापराव गुजर यांनी १६७३ मध्ये उमराणीजवळ आदिलशाही सरदार बहलोलखान याला कोंडले, पण त्याच्या विनवणीवरून त्याला जाऊ दिले. बखरींच्या परंपरेनुसार महाराजांनी यावरून त्यांना कठोर शब्दांत दोष दिला आणि खानाचा निकाल लावल्याशिवाय दर्शनास येऊ नये असे कळवले. २४ फेब्रुवारी १६७४ रोजी कोल्हापूरच्या दक्षिणेकडील नेसरीच्या खिंडीत प्रतापराव सहा साथीदारांसह खानाच्या फौजेवर तुटून पडले आणि सातही जण मारले गेले. येथे मर्यादा मोडणारा हात शिपायाचा नव्हता, तर ज्याच्याकडे मर्यादा राखण्याचे काम होते त्या सरनौबताचाच होता. आणि तो त्वेष शत्रूच्या चिथावणीतून नव्हे, तर धन्याच्या बोलातून पेटला होता. या प्रसंगाचे जे गौरवगान होते ते योग्यच आहे, पण त्यात नेहमी एक गोष्ट दुर्लक्षिली जाते: महाराजांनी त्यानंतर हंसाजी मोहिते यांना हंबीरराव हा किताब व सरनौबती दिली, काही महिन्यांतच, ६ जून १६७४ रोजी, राज्याभिषेक करून राज्याला शिस्तीचे नवे अधिष्ठान दिले, आणि पुढे आपला पुत्र राजाराम यांचा विवाह प्रतापरावांच्या कन्येशी लावला. त्वेषाने मेलेल्याचा मान राखावयाचा, पण फौज पुन्हा हुकमाखाली आणावयाची, ही दोन्ही कामे त्यांनी केली.

नागपूरच्या भोसल्यांचे राज्य या परंपरेतूनच वाढले, पण तिच्यातील सगळ्या मर्यादा त्यांच्याबरोबर पूर्वेकडे गेल्या नाहीत. पहिल्या रघूजी भोसल्यांचे सेनापती भास्करराम कोल्हटकर १७४२ मध्ये चौथाईच्या मागणीसाठी बंगालमध्ये शिरले. चौथाई म्हणजे उत्पन्नाचा चौथा हिस्सा, जो दिल्यास मुलूख लुटीपासून वाचे. त्या वर्षी वसंतात बर्दवानच्या परिसरात नवाब अलिवर्दीखानाची कोंडी करून, मुर्शिदाबादेत जगतसेठाची पेढी लुटून झाल्यावर, पावसाळ्यापूर्वी नागपूरला परतणे हा जुना रिवाज होता, आणि भास्कररामांच्या मनात तोच विचार होता; परंतु नवाबाची बाजू सोडून मराठ्यांना मिळालेल्या मीर हबीब याच्या आग्रहावरून त्यांनी भागीरथीकाठी काटवा येथे पावसाळाभर तळ दिला. त्याच तळावर सप्टेंबर १७४२ मध्ये दुर्गापूजा चालू असताना अलिवर्दीखानाने नदीवर नावांचा पूल बांधून रातोरात पलीकडे उतरून पहाटे हल्ला केला आणि फौज उधळली. ऋतूने घालून दिलेली विश्रांतीची मर्यादा ओलांडल्याचा हा इतका सरळ परिणाम आहे की, त्याला भाष्याची गरज नाही. पुढे मार्च १७४४ मध्ये मानकरा येथे वाटाघाटीच्या निमित्ताने बोलावून भास्कररामांना त्यांच्या सरदारांसह मारण्यात आले. १७५१ मध्ये तह होऊन वर्षाला बारा लाख रुपये चौथाई व ओरिसाचा मुलूख भोसल्यांकडे आला.

या दहा वर्षांतील घोडदौडींचा उल्लेख नागपूरच्या इतिहासात बहुधा राज्यविस्तार म्हणून केला जातो, आणि तो विस्तार झाला हे खरेच आहे. तथापि बंगालच्या खेड्यांतील माणसांनी तो काळ कसा सोसला हे गंगाराम या कवीने १७५१ च्या सुमारास ‘महाराष्ट्र पुराण’ नावाच्या बंगाली काव्यात लिहून ठेवले, आणि बर्गी, म्हणजे मराठी स्वार, या नावाची धास्ती तेथील अंगाईगीतांत आजवर टिकून राहिली. जळालेली गावे, हात-पाय तोडलेली माणसे आणि स्त्रियांवरील अत्याचार यांचे जे चित्र तेथे आहे ते मराठी वाचकाने टाळू नये. शिवकालीन नियमांत ज्या तीन गोष्टींना सर्वांत कडक बंदी होती, म्हणजे रयतेला त्रास, स्त्रियांना हात लावणे आणि हिशेबावाचून लूट, त्या तिन्ही गोष्टी शेकडो कोसांवर, वरच्या नजरेच्या टप्प्याबाहेर, सर्रास घडल्या. त्वेषाची मर्यादा राखणारी यंत्रणा अंतराबरोबर झिजते, ही गोष्ट नागपूरकरांच्या पूर्वेकडील मोहिमांनी जितकी उघड केली तितकी दुसऱ्या कोणत्याही मराठी मोहिमेने केली नाही.

मर्यादेचा दुसरा टोकाचा प्रसंग थेट नागपुरातच घडला. १८०३ च्या देवगावच्या तहाने कटक प्रांत व पश्चिम वऱ्हाड गमावल्यानंतर भोसल्यांचे राज्य आकुंचित झाले होते. मार्च १८१६ मध्ये दुसरे रघूजी वारले, मुलगा परसोजी कारभारास असमर्थ असल्याने चुलतभाऊ मुधोजी उर्फ अप्पासाहेब कारभारी झाले आणि त्यांनी त्याच वर्षी मे महिन्यात इंग्रजांशी तैनाती फौजेचा तह केला, म्हणजे राज्याच्या खर्चाने इंग्रजी पलटणी आपल्या मुलखात ठेवण्याचे मान्य केले. फेब्रुवारी १८१७ मध्ये परसोजींचा मृत्यू होऊन अप्पासाहेब गादीवर आले. तिकडे ५ नोव्हेंबर १८१७ रोजी पेशवे दुसरे बाजीराव आणि इंग्रज यांच्यात खडकीला लढाई झाली, आणि तशा काळात २४ नोव्हेंबरला अप्पासाहेबांनी पेशव्यांकडून आलेला सेनासाहेब सुभा हा किताब व वस्त्रे भर दरबारात स्वीकारली. नागपूरचा रेसिडेंट, म्हणजे इंग्रज कंपनीचा दरबारातील प्रतिनिधी, रिचर्ड जेंकिन्स याने तेलंगखेडीच्या छावणीतील पलटणी सीताबर्डीच्या दोन टेकड्यांवर आणून बसवल्या.

इंग्रजांकडे लेफ्टनंट कर्नल स्कॉट याच्या हाताखाली मद्रास पायदळाच्या दोन पलटणी, बंगाल घोडदळाचे तीन रिसाले व चार हलक्या तोफा मिळून सुमारे तेराशे-चौदाशे माणसे होती. समोर अप्पासाहेबांची सुमारे अठरा हजारांची फौज व छत्तीस तोफा होत्या, आणि त्या फौजेचा कणा म्हणजे काही हजार अरब शिपाई. अरबस्तानातून आलेले, पगारावर चाकरी करणारे, तटबंदी व जवळच्या चकमकीत अत्यंत कडवे असे हे लोक दख्खनच्या दरबारांत तेव्हा फार मोलाचे मानले जात. २६ नोव्हेंबरच्या संध्याकाळी, दोन्ही बाजूंचे वकील बोलणी करत असतानाच, टेकडीच्या पायथ्याच्या वस्तीतून अरबांनी गोळीबार सुरू केला. अप्पासाहेबांनी नंतर हा हल्ला आपल्या हुकमाशिवाय झाल्याचे कळवून खेद व्यक्त केला. ते खरे असो वा राजकारणाचा भाग असो, परिणाम एकच होता: ज्या त्वेषावर राज्य पणाला लागले त्याचा धनी व्हायला राजा तयार नव्हता.

रात्रभर लढाई चालली आणि दुसऱ्या दिवशी सकाळी अरबांनी लहान टेकडी एकाच जोरदार धाडीत घेतली. तेथून मोठ्या टेकडीवर तोफ डागली जाऊ लागली, तेव्हा इंग्रजांची अवस्था अत्यंत बिकट झाली. खालच्या मैदानात भोसल्यांचे घोडदळ रेसिडेन्सीच्या रोखाने सरकत होते. बंगाल घोडदळाचा कॅप्टन फिट्झजेराल्ड वारंवार चढाईची परवानगी मागत होता आणि कर्नल स्कॉट ती नाकारत होता. शेवटी मिळालेले उत्तर एवढेच होते की, चढाई करायची तर स्वतःच्या जबाबदारीवर करावी. तीनच रिसाले घेऊन फिट्झजेराल्डने एल्गार केला, नाला ओलांडून समोरच्या स्वारांची फळी फोडली, दोन तोफा हिसकावल्या, आणि त्या तोफा घेऊन तो आपल्या जागी परतला. या स्वारांमध्ये जॉन हिअरसी नावाचा तरुण अधिकारी होता, जो चाळीस वर्षांनी बराकपूरला मंगल पांडे यांच्या प्रसंगी जनरल म्हणून हजर होता.

प्रतापरावांचा आणि फिट्झजेराल्डचा हल्ला शेजारी ठेवून पाहिले तर धाडसात फरक करता येत नाही. दोघांनीही वरिष्ठांच्या छायेत, पण स्वतःच्या जबाबदारीवर, अनेकपट संख्येवर झेप घेतली. फरक आहे तो परतण्यात. फिट्झजेराल्डच्या झेपेला पुढे काय घ्यायचे आणि कोठे थांबायचे याचे भान होते, आणि त्याच्या मागे अशी फौज उभी होती जिने ती झेप वापरून घेतली. त्यानंतर थोड्याच वेळात लहान टेकडीवर अरबांच्या ताब्यातील दारूचा एक गाडा उडाला; त्या गोंधळाचा फायदा घेऊन मोठ्या टेकडीवरील पायदळाने संगिनी रोखून खाली धाव घेतली आणि ती टेकडी परत मिळवली. दुपारपर्यंत लढाई संपली. इंग्रजांची साडेतीनशेहून अधिक माणसे मेली वा जखमी झाली, म्हणजे दर चारांतील एक. रेसिडेंटचा पहिला साहाय्यक जॉर्ज सॉदबी हाही मारला गेला.

अरबांनी टेकडी घेतली त्या तासात भोसल्यांचे हजारो स्वार मैदानात असूनही त्यांच्या मदतीस निर्णायकपणे गेले नाहीत, हे या लढाईचे मर्म आहे. खेळाच्या पाचव्या आवृत्तीतील तो नियम येथे आठवतो, की ज्या पाळीत वार होत नाही त्या पाळीत उन्माद उतरतो. नियम करणाऱ्यांनी तो खेळ रेंगाळू नये म्हणून केला असेल, पण रणांगणाची एक खरी गोष्ट त्यात उतरली आहे: त्वेष साठवून ठेवता येत नाही. तो एका टेकडीवर चढला आणि त्याच वेळी दुसरीकडे पुढचा वार झाला नाही, तर पहिल्या ठिकाणचाही उतरू लागतो. परंतु नियमात जे बसत नाही ते असे की, नागपूरच्या बाजूला पुढचा वार करण्याचा हुकूम देणारे कोणी नव्हते. अप्पासाहेब टेकड्यांपासून दूर होते, मनाने त्याहूनही दूर होते.

१२ डिसेंबरला जनरल डव्हटन कुमक घेऊन पोहोचल्यावर हेच चित्र अधिक ठळक झाले. १६ डिसेंबरच्या सकाळी अप्पासाहेब स्वतः रेसिडेन्सीत येऊन इंग्रजांच्या स्वाधीन झाले आणि तोफा सुपूर्द करण्याचे ठरले. पण तोफा ताब्यात घ्यायला निघालेल्या इंग्रजी फौजेवर भोसल्यांच्या सैन्याने मारा केला, आणि सक्करदऱ्याच्या परिसरात राजा शत्रूच्या छावणीत असताना त्याच्या फौजेने त्याच्यासाठी, किंबहुना त्याच्यावाचून, मोठी लढाई दिली व ती हरली. शिपायांच्या शौर्याला येथे बोट लावता येणार नाही. जे शौर्य कोणाच्याही आज्ञेशी बांधलेले उरले नाही ते किती व्यर्थ खर्ची पडते, याचे याहून कष्टदायक उदाहरण विदर्भाच्या इतिहासात नाही.

मैदानातून मागे हटलेले अरब शहराच्या तटाआड व राजवाड्यात शिरले, आणि येथे मात्र त्यांच्या त्वेषाने एकदम निराळे रूप घेतले. आता त्यांना कोणावर धावून जायचे नव्हते. अरुंद गल्ल्या, घरांच्या भिंती आणि दरवाजे हेच त्यांचे बळ होते. २४ डिसेंबर रोजी इंग्रजांनी जुम्मा दरवाज्यावर, म्हणजे आज गांधी गेट म्हणून ओळखल्या जाणाऱ्या वेशीवर, निकराचा हल्ला केला आणि तो अरबांनी परतवून लावला. दारूगोळा, तोफा आणि ताज्या पलटणी बाहेर असतानाही महालाच्या भागात शिरणे इंग्रजांना साधले नाही. ज्या लोकांनी महिन्यापूर्वी बोलणी चालू असताना गोळी झाडली होती, तेच लोक आता इतक्या काटेकोर संयमाने लढत होते की, दोन्ही प्रसंगांतील माणसे एकच आहेत यावर विश्वास बसू नये.

हा संयम कोठून आला याचे उत्तर त्या काळच्या फौजांच्या आर्थिक व्यवहारात आहे. अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात मराठी दरबारांतील लढाई ही मुलूखगिरीच्या हंगामावर कमी आणि पगारी पलटणींवर अधिक अवलंबून राहू लागली होती. रोजमुरा, म्हणजे शिपायाचा ठरलेला भत्ता, तुंबला की शिपाई सरदाराच्या दारात धरणे धरून बसत, आणि थकबाकी चुकती झाल्याशिवाय हलत नसत. अरब या बाबतीत सर्वांत पक्के होते. शिवकाळात त्वेषाची मर्यादा दसरा आणि पाऊस ठरवत, बंगालमध्ये ती कोणीच ठरवली नाही, आणि १८१७ च्या नागपुरात ती अखेर करारनामा ठरवत होता. ज्या योद्ध्याला आपल्या प्रत्येक वाराचा मोबदला ठाऊक असतो तो वार उधळत नाही. म्हणूनच राजा गेला, मैदान गेले, तरी अरबांची तटबंदी उभी राहिली.

डिसेंबरच्या अखेरीस बोलणी पुरी झाली. अरबांना त्यांची हत्यारे, खाजगी मालमत्ता आणि कुटुंबे यांसह शहराबाहेर पडण्याची मुभा मिळाली, वाटेत त्यांना इजा होऊ नये म्हणून इंग्रजांनी बरोबर पहारा दिला, आणि ते पश्चिमेकडे मलकापूरच्या रोखाने निघून गेले. ६ जानेवारी १८१८ च्या तहाने अप्पासाहेबांना नाममात्र गादी परत मिळाली. मार्चमध्ये त्यांना पुन्हा कैद करून उत्तरेकडे नेत असताना ते पळाले, महादेवाच्या डोंगरांत आणि पुढे असीरगडाच्या आश्रयास गेले, आणि १८४० मध्ये जोधपूरला वारले. सीताबर्डीच्या टेकड्यांवर इंग्रजांनी पक्का किल्ला बांधला. तो आजही सैन्याच्या ताब्यात असून वर्षातील प्रजासत्ताक दिन, महाराष्ट्र दिन आणि स्वातंत्र्य दिन अशा मोजक्या दिवशीच लोकांना आत जाऊ दिले जाते. तेथे कामी आलेल्या इंग्रज अधिकाऱ्यांच्या स्मृती जपल्या गेल्या, पण लहान टेकडी एका धाडीत घेणाऱ्या अरब शिपायांपैकी एकाचेही नाव नागपूरने जपलेले नाही.